बैलाच्या तोंडातलं नाव

कोल्हारमध्ये कचरू साळवेला चांगला माणूस म्हणणारं कुणी भेटणार नाही, आणि इथेही त्याला तसं म्हणायचा विचार नाही. रागीट, तुसडा, कुणाच्या ओट्यावर टेकला तर चहा यायच्या आत भांडण काढून उठणारा. त्याने जन्मभर लोकांशी वाकडं घेतलं आणि लोकही त्याला पुरून उरले. मजा अशी, की स्वतःच्या आवाजात ज्याला दोन शब्द गोड बोलता आले नाहीत, त्याच्या गळ्यात अख्खं गाव होतं. त्यातून पोलीस पाटील बोलायचा, वाणी बोलायचा, सासूशी कडाकडा भांडणारी सून बोलायची, व्यायला आलेली म्हैसही बोलायची. डोळे मिटून ऐकलं तर आठ माणसं बसली आहेत असं वाटावं. डोळे उघडले की एकटा कचरू, कपाळाला आठ्या घालून.

हे आवाज त्याला मिळाले बापाच्या मागून चालताना. बाप रंभाजी गावचा येसकर. पाटलाचा हुकूम आला की घुंगरांची काठी आपटत त्याने गल्लोगल्ली दवंडी द्यायची, आणि सात-आठ वर्षांच्या कचरूने मागून चालायचं. ओसरीला शिवायचं नाही, वर बघायचं नाही, खाली मान घालून उंबऱ्यापासून लांब उभं राहायचं, अशी तेव्हाची रीत. असल्या रीतीला रीत म्हणताना लाज वाटायला हवी, पण गाव तशीच म्हणायचं. त्यामुळे कचरूला गावातली माणसं चेहऱ्याने कळलीच नाहीत. पायांवरून आणि आवाजावरून कळली. पुढे त्याने जी चित्रं काढली त्यांत पाय कसे चालते-बोलते असायचे, तोंडं उघडझाप करताना हुबेहूब वाटायची, आणि डोळ्यांच्या जागी नुसते दोन ठिपके. लोक म्हणायचे, ह्याला डोळे काढता येत नाहीत. खरंच येत नव्हते. त्याला कुणी डोळ्यांकडे बघू दिलंच नव्हतं.

छप्पन्न साली वस्तीने धम्म घेतला. रंभाजीने येसकराची काठी प्रवरेत फेकली आणि चारचौघांत सांगितलं, "आजपस्नं ह्या तोंडातनं दुसऱ्याचा शबूद निघायचा न्हाई." कचरू तेव्हा बावीस वर्षांचा. तो नगरला गेला, एका पेंटरच्या हाताखाली पाट्या रंगवायला शिकला, चार वर्षांनी त्या पेंटरशी कडाक्याचं भांडून परत आला. त्याच सुमाराला कोल्हारला सिनेमाचा तंबू लागला. मालक राधाकृष्ण शेट श्रीरामपूरकडचा, बोलायला तुपासारखा. त्याला पोस्टरं रंगवणारा एक आणि टांग्यातून भोंग्यावर ओरडणारा एक असे दोन गडी हवे होते. दोन्ही कामं कचरू एकटा करतो म्हटल्यावर शेटला तो फारच आवडला.

पहिल्या दिवशी टांगा वस्तीवरून गेला. कचरू भोंग्यावर हिरो बोलला, हिरोईन बोलला, खलनायकाचं हसू हसला. रंभाजी रस्त्याच्या कडेला उभा होता. त्याने टांगा थांबवला आणि सगळ्यांदेखत पोराला फैलावर घेतलं.

"म्या काठी नदीत टाकली आन् तू भोंगा धरलास? मी पाटलाचं बोलत हुतो, तू शेटचं बोल! दवंडी देनाऱ्याचं नाव कधी कुनी इचारलं न्हाई. तुजंबी इचारायचं न्हाईत."

"इचारतील," कचरू म्हणाला. "न्हाई इचारलं तर इचारायला लावीन."

त्यानंतर रंभाजी सहा वर्षं जगला आणि ती सहा वर्षं बापलेक एका भिंतीआड राहून एकमेकांशी बोलले नाहीत. बाप गेला तेव्हा कचरू रडला नाही, म्हणून भावकीने आणखी नावं ठेवली. पण बापाचं ते वाक्य त्याच्या मनात रुतून बसलं ते बसलंच.

तंबूचं नाव विजयमाला टुरिंग टॉकीज. विजयमाला शेटची बायको. ती बिचारी कधी तंबूत आली नाही, पण तिचं नाव तंबूच्या कापडावर, टांग्यावर, तिकिटाच्या खिडकीवर, सगळीकडे होतं, आणि ते सगळीकडे कचरूने रंगवलेलं होतं. दहा-बारा वर्षांत त्याने 'विजयमाला' एवढ्या वेळा लिहिलं की झोपेतही हात तसाच फिरावा. स्वतःचं नाव लिहायची वेळ फक्त पगाराच्या कागदावर यायची.

मशीन चालवायला बन्सी होता. मितभाषी माणूस, म्हणूनच बहुधा कचरूचं त्याच्याशी जमलं. फिल्म तुटली की बन्सी दोन-चार चौकटी कापून टाकायचा, टोकं जोडायचा आणि तुकडे एका डब्यात भरून ठेवायचा. एकदा कचरूने त्यातला एक तुकडा उजेडात धरला. हिरोईन हात वर करत होती. प्रत्येक चौकटीत हात जरासा वर, आणखी जरासा वर.

"ह्यात काय मोठं? हे मीबी काढीन," कचरू म्हणाला.

"एका सेकंदाला चोवीस चौकटी लागतात," बन्सी म्हणाला. "काढ."

बन्सीने टर उडवली होती, की खरंच काढ म्हणाला होता, ते त्यालाच माहीत. कचरूने मात्र डबा काखेत मारला.

मग बहात्तरचा दुष्काळ आला. लोकांना प्यायला पाणी नाही तर सिनेमा कुठला. शेटने तंबू गुंडाळून श्रीरामपूरला नेला. सगळं गाव खडी फोडायला लागलं. कचरूही गेला, पाचव्या दिवशी मुकादमाच्या आवाजात मुकादमालाच शिव्या घालून घरी आला. त्याची बायको चांगुणा मात्र रोज जात राहिली. ती दिवसभर उन्हात दगड फोडून यायची आणि घरी बघते तर नवरा चुलीपुढे बसून सोड्याच्या कढत पाण्यात फिल्म बुडवतोय. त्या पाण्यात फिल्मवरचं चित्र सुटून यायचं आणि खाली काचेसारखी कोरी पट्टी राहायची. चांगुणाची दोन पातेली त्या गाळाने कायमची काळी झाली.

"मानसाला प्यायला पानी न्हाई, आन् तुमी हिरोइनी धुताय," ती म्हणायची. "उद्या मला ह्याच पातेल्यात घाला आन् धुवा."

"तुला धुतली तरी कोरी व्हायची न्हाईस," कचरू म्हणायचा.

असा त्यांचा संसार. पातेलं फेकलं जायचं, चुकायचं, पुन्हा चुलीवर चढायचं. आणि रोज दहा-बारा चौकटी व्हायच्या. नखाएवढी चौकट, तिच्यात टाकाने काढलेला बैल. अकरा महिन्यांत तीन हजार सहाशे चौकटी झाल्या, म्हणजे पडद्यावर अडीच मिनिटं.

गोष्ट गुरांच्या छावणीतली. एक पुढारी छावणी बघायला येतो. पोट एवढं की चौकटीत मावत नाही. तो भाषण सुरू करतो. समोरचा भुकेला बैल आधी त्याच्या गळ्यातला हार खातो, मग टोपी खातो, मग हातातला भाषणाचा कागद खातो. कागद पोटात गेल्यावर पुढाऱ्याचा आवाज बंद होतो आणि बैल ढेकर देऊन तेच भाषण पुढे सुरू करतो, त्याच आवाजात. छावणीतली गुरं टाळ्या वाजवायला जातात आणि खुरं असल्यामुळे धडाधड पडतात.

कचरूची काम करायची तऱ्हा उलटी होती. आधी आवाज धरायचा, घरभर तो आवाज काढत हिंडायचं, तोंड कसं उघडतं ते हातआरशात बघायचं, मग चित्र. मनाने बनवलेल्या आवाजावर त्याचा हात चालायचा नाही. आवाज खऱ्या माणसाचाच लागायचा. पुढाऱ्याला आवाज हवा होता, आणि त्या वर्षी कचरूच्या कानात एकच पुढारी भरलेला होता. आप्पासाहेब. गावातली छावणी त्यांच्या हातात, खडीचं काम त्यांच्या हातात. दर आठ दिवसांनी जीपमधून उतरून ते बोलायचे, "तर मंडळी, माझं काय म्हननं हाय..." आणि पुढचा शब्द यायच्या आधी घशात एक गुळणी फिरवल्यासारखा आवाज काढायचे. कचरूने ती गुळणीसुद्धा बैलाच्या गळ्यात उतरवली. आप्पासाहेबांची खोड काढायची असं त्याने ठरवलं नव्हतं. त्याला दुसरा पुढारी माहीतच नव्हता.

शेवटी त्याने आपली जागा ठेवली होती. सिनेमात सुरुवातीला नावं येतात, पण ती वाचणारे किती? अर्धं गाव अंगठा उठवणारं. म्हणून नाव लिहायचं नाही, बैलानेच सांगायचं. भाषण संपलं की बैल लोकांकडे तोंड करणार आणि विचारणार, "मला कुनी पैदा केलं?" आणि स्वतःच उत्तर देणार, "कचरू साळवे." तीन सेकंद, बहात्तर चौकटी. सगळ्या फिल्ममधली सगळ्यात मोठी चित्रं.

अडचण अशी झाली की एकदा पातेलं चुकण्याऐवजी लागलं आणि आरसा फुटला. नवीन आरशाची ऐपत नव्हती. कचरू चांगुणाला म्हणाला, "चुलीपुढं बस, आन् माजं नाव घे. सावकास घे."

चांगुणा दगडासारखी बसली. नवऱ्याचं नाव घ्यायचं नाही. आईने घेतलं नव्हतं, सासूने घेतलं नव्हतं, तीही पंधरा वर्षांत 'आमचे हे'च्या पुढे गेली नव्हती.

"धर्म बदलला तरी तुजं हे न्हाई बदललं," कचरू खेकसला.

"मला काय बी शिकवू नगा. मी घ्यायची न्हाई."

"बरं, आवाज काढू नगं. नुसतं तोंड हलव. कुनाला ऐकू जात न्हाई."

आवाज नाही म्हणजे नाव घेतलं असं होत नाही, हे तिला पटलं. पाच-सहा संध्याकाळी ती दगड फोडून आल्यावर चुलीच्या उजेडात बसली आणि आवाज न काढता ओठांनी त्याचं नाव घेत राहिली, चिडून, दात-ओठ खात, आणि कचरू 'थांब', 'पुन्यांदा', 'वेडंवाकडं नगं करू' असं ओरडत चित्रं काढत राहिला. असं त्या बैलाच्या तोंडी चांगुणाचं तोंड आलं. तिला त्याने एवढंच सांगितलं, की तंबूत बैल हे मोठ्याने म्हणणार.

त्र्याहत्तरला पाऊस बरा झाला आणि दिवाळीनंतर तंबू परत कोल्हारला उभा राहिला, आप्पासाहेबांच्याच पड रानात. शेटने फिल्म बघितली. कचरू पडद्याशेजारी माईक धरून बसला, त्याने सगळे आवाज दिले. शेट पोट धरून हसला. शेवटचं नाव ऐकलं आणि हसू थांबलं.

"हे नको," शेट म्हणाला.

"का?"

"अरे, खुर्चीवर कोण बसतं माहीत आहे ना तुला? पडद्यावरून साळवे-साळवे ऐकू आलं तर उठून जातील. माझं म्हणशील तर मला काही नाही. पण धंदा आहे."

गोड बोलून माणसाला उंबऱ्याबाहेर कसं ठेवायचं, हे ह्या माणसाला बरोबर जमायचं. वर त्याने दुसऱ्याच दिवशी फिल्मच्या आधी पडद्यावर दाखवायची एक काच रंगवून मागितली, 'विजयमाला टुरिंग टॉकीजचे नवे चित्र, दिग्दर्शक राधाकृष्ण'. ती काचही कचरूनेच रंगवायची होती. कचरूने ती शेटच्या पायाशी फोडली. शेट शांतपणे म्हणाला, "फिल्म माझी, मशीन माझं, सोडा फक्त तुझा. नाव गाळून बोलायचं असेल तर बोल, नाहीतर भोंग्यालाही दुसरा माणूस बघतो."

कचरू फिल्म घेऊन घरी जाऊ शकला असता. पण मशीनशिवाय ती फिल्म घरी नेऊन करायची काय? रात्रभर तळमळला आणि सकाळी कामावर गेला. त्या दिवसापासून बैल "मला कुनी पैदा केलं?" विचारायचा आणि उत्तराच्या जागी कचरू माईकमध्ये खोकायचा. बैलाचं तोंड बहात्तर चौकटी त्याचं नाव घेत राहायचं आणि वरून खोकला ऐकू यायचा.

लोकांना ते जाम आवडलं. बैलाला बाप विचारला की ठसका लागतो, असा त्यांनी अर्थ लावला. दोन महिने रोज मुख्य सिनेमाच्या आधी ती अडीच मिनिटं चालली आणि लोक मुख्य सिनेमा सोडून त्या अडीच मिनिटांसाठी पुन्हा पुन्हा यायला लागले. गल्लीत पोरं भाषण करायची, विचारायची आणि खोकायची. कचरू बिड्या ओढायचा, तेव्हा पोरं त्याच्याच खोकल्याची नक्कल करतात असं चांगुणा समजत होती. तिने तंबूत पाऊल टाकायचं नाही अशी शपथ घेतली होती, दोन पातेली आणि एक आरसा खाल्लेल्या बैलाचं तोंड तिला बघायचं नव्हतं. आणि कचरूने तिला खोकल्याचं सांगितलं नव्हतं. सांगायची त्याला लाज वाटली.

पौषातल्या यात्रेच्या चार दिवस आधी आप्पासाहेब आले. मागच्या खुर्चीवर बसले. भाषण सुरू झाल्यावर तेही खदाखदा हसले. मग त्यांच्या लक्षात आलं, की लोक पडद्याकडे कमी आणि आपल्याकडे जास्त बघताहेत. बैलाने घशात गुळणी फिरवली आणि आप्पासाहेबांच्या तोंडचं हसू गेलं.

दुसऱ्या दिवशी त्यांनी शेटला बोलावून घेतलं. "बंद कर असं मी म्हननार न्हाई," ते म्हणाले. "बंद केलं तर तो बैल मीच, असं हुईल. चालू ठेव. पन आवाज बदल. यात्रेला मी कुटुंबाला घेऊन येनार हाय. त्या दिवशी जर तोच आवाज आला, तर सकाळी तंबूच्या मेखा माझ्या रानातनं उपटलेल्या असतील."

शेट धावत कचरूकडे आला. आज त्याच्या आवाजातलं तूप पातळ झालं होतं.

"आवाज बदल."

"बदलतो," कचरू म्हणाला. "शेवटाला माजं नाव घिऊ द्या. नाव घिऊ दिलंत, तर म्हनाल त्याचा आवाज काडतो. तुमचाबी काडतो."

"ते जमायचं नाही."

"मंग मी बोलत न्हाई. चालवा मुकी."

"माजला आहेस तू."

"व्हय, माजलोय. अकरा महिनं दुष्काळात बसून माजलोय."

शेट शिव्या देत गेला. कचरूला मात्र आपली बाजू पक्की वाटत होती. फिल्म शेटची असेल, मशीन त्याचं असेल, पण त्या बैलाचा गळा कचरूच्या गळ्यात होता. यात्रेची गर्दी, मुकी फिल्म, लोक तंबूच्या दोऱ्या तोडतील. शेट पळत येईल, पाया पडेल, आणि मग नाव. घरीही त्याने तसंच सांगितलं, फक्त नावाचं गाळून.

"लोक तुमच्यासाठी दोऱ्या तोडत्यात व्हय!" चांगुणा फिसकन हसली. "आता तर मी येनारच. नाक कसं कापून घेताय ते बघू तरी."

यात्रेच्या संध्याकाळी पहिल्या खेळाला तंबू फाटेल एवढी गर्दी झाली. कनातीच्या अलीकडे पुरुष, पलीकडे बाया. आप्पासाहेब सहकुटुंब खुर्चीवर. कचरू तिकीट काढून जमिनीवरच्या माणसांत बसला, डोक्याला मुंडासं बांधून, कुणी ओळखू नये म्हणून. शेटने माईक बंद करून ठेवला होता. बन्सीने मशीन सुरू केलं.

पडद्यावर छावणी आली. पोट आलं. पुढाऱ्याने तोंड उघडलं आणि आवाज आला नाही. कचरूने मुठी आवळल्या. आता, आता ओरडतील.

"तर मंडळी," पुढच्या रांगेतलं कुणीतरी म्हणालं.

"माझं काय म्हननं हाय," मागून वीस जण म्हणाले.

आणि अख्ख्या तंबूने घशात गुळणी फिरवली.

दोन महिने रोज ऐकलेलं, लोकांना ते तोंडपाठ झालं होतं. हार खाल्ला तेव्हाचं बोलले, टोपी खाल्ली तेव्हाचं बोलले, बैलाचा ढेकर हजार माणसांनी एकदम दिला. पुढाऱ्याचं भाषण पुरुषांकडून यायचं, गुरांचं हंबरणं बायांकडून. आप्पासाहेबांच्या शेजारी त्यांची बायको पुष्पावतीबाई पदर तोंडात कोंबून हसत होत्या आणि आप्पासाहेब कुणाच्या मेखा उपटायच्या ह्या विचारात बसले होते, कारण बोलत होतं ते गाव.  कचरूशिवाय सगळं चाललं होतं. त्याचा आवाज त्याला न विचारता लोकांनी घेऊन टाकला होता.

बैल लोकांकडे वळला. त्याचं तोंड पडदाभर झालं.

"मला कुनी पैदा केलं?" तंबूने विचारलं.

आणि सगळे खोकले. म्हातारे खोकले, पोरं खोकली, खुर्चीवाले रुमाल धरून खोकले. वर बैलाचे ओठ त्याचं नाव घेत होते.

कचरू उठून उभा राहिला. मुंडासं काढून फेकलं आणि ओरडला, "कचरू साळवे! कचरू साळवेनं केलं!"

तो स्वतःच्या आवाजात ओरडला होता, आणि तो आवाज कुणीच ओळखला नाही. मागच्या माणसाने सदरा धरून त्याला खाली ओढलं. "ए, खाली बस की. पडदा दिसंना."

तो बसला. जन्मात पहिल्यांदा, कुणाशी न भांडता बसला. फिल्म संपली, पडदा कोरा झाला, बन्सी मुख्य सिनेमाचं रीळ चढवायला लागला. हसणं ओसरत आलं होतं, लोक डोळे पुसत होते.

कनातीच्या पलीकडे चांगुणा उभी राहिली. तिने बैलाचं ते तोंड ओळखलं होतं. चुलीपुढे बसून दात-ओठ खात हलवलेलं तोंड तिचं होतं, त्यातून काय निघायला हवं होतं ते त्या तंबूत तिलाच माहीत होतं, आणि लोक त्याच्यावर खोकले होते. उन्हात वर्षभर खडी फोडताना लांबच्या बायांना हाका मारून तिचा आवाज खणखणीत झाला होता.

"खोकता काय रं, मुडद्यांनो!" ती ओरडली. "कचरू साळवे! त्या बैलाला कचरू साळवेनं पैदा केलाय! कचरू रंभाजी साळवे!"

तंबू एकदम चिडीचूप झाला. बन्सीचा हात रिळावर थांबला. मग बायांच्या बाजूने कुणाची तरी घाबरी कुजबूज आली, "अगं बया, मालकाचं नाव घेतलं!"

आणि झालं. गावाला फिल्म कुणी केली ह्याचं काही पडलं नव्हतं, आणि पुढेही पडलं नाही. गावाला विषय मिळाला तो हा, की भर तंबूत, यात्रेच्या दिवशी, हजार माणसांत बाईने नवऱ्याचं नाव घेतलं, तेही एकदा नाही, तीनदा, बापासकट. सकाळी विहिरीवर तेच, न्हाव्याच्या दुकानात तेच, नगर-मनमाड रस्त्यावरच्या एस.टी.च्या थांब्यावर तेच. "काय नाव घेतलं?" असं परगावच्याने विचारलं, की सांगणाऱ्याला पूर्ण सांगावं लागायचं: कचरू रंभाजी साळवे. खुर्चीवाल्यांनी सांगितलं, आप्पासाहेबांच्या वाड्यावर सांगितलं, शेटने श्रीरामपूरला जाऊन विजयमालाबाईंनाही सांगितलं. आठ दिवसांत पंचक्रोशीत ते नाव न घेतलेलं तोंड राहिलं नाही. नावं ठेवायलाच घेतलं, पण घेतलं.

त्या संध्याकाळी दोघं घरी परतले. घरी चांगुणाने चूल पेटवली, काळं पातेलं चढवलं. कचरू आठ्या घालून बसला होता. म्हणाला,

"उशीर केलास."

"काय?"

"बैलाचं तोंड मिटल्यावर बोललीस. दोन-चार सेकंदं मागं पडलीस."

चांगुणाने उलथनं उगारलं. "मंग बैलाला जरा दम धरायला लावायचा हुता! मी काय मशीन हाय?"

उलथनं तिने फेकलं नाही.

दुसऱ्या दिवशी त्याने बन्सीकडून नव्याने साठलेले तुकडे मागून आणले, त्याच पातेल्यात सोडा घालून धुतले आणि बसला. अठ्ठेचाळीस चौकटी काढल्या. "मला कुनी पैदा केलं?" आणि उत्तर ह्यांच्यामध्ये जोडायच्या. हंगाम संपून तंबू गावातून हलायच्या आदल्या दिवशी बन्सीने शेटला न विचारता त्या जोडल्याही. त्या चौकटींत काहीच घडत नाही. बैल तोंड मिटून बायांच्या बाजूला बघत उभा आहे, आणि त्याला कचरूने आयुष्यात पहिल्यांदा डोळे काढले आहेत.